ग्दान्स्क, दीड तासात

मिटलेली पिवळी छत्री उंच धरून
बोग्ना पुढे, आम्ही अकरा जण मागे.
सोळाशे चौदा, ती म्हणते, दारावरचं साल दाखवत,
आणि आम्ही माना वर करतो
पाणी पिणाऱ्या कोंबड्यांसारख्या.

मोत्वावा नदीकडून तळलेल्या माशांचा वास.
कुणीतरी विचारतं, स्वच्छतागृह कुठे?
ती सांगते. मग त्याच आवाजात, न थांबता:
ही भिंत माझ्या आईहून दोन वर्षांनी धाकटी.
युद्धानंतर इथे नुसत्या विटांचा खच होता.
आजोबा विल्नोहून आलेले, गिलावा करायचे.
जुनं शहर त्यांनी कधी पाहिलंच नव्हतं,
कडा जळलेल्या एका फोटोवरून
त्यांनी ते आठवलं.

तिसऱ्या मजल्यावर, द्राक्षाच्या वेलीत
एक पान चुकलंय. कोबीचं आहे.
फोटोत नेमका तिथे डाग होता.

अकराही जण कोबी शोधू लागलो.
सापडला का, छातीठोक सांगता येणार नाही;
ऊन डोळ्यांवर आलं होतं.

पुलाशी छत्री खाली आली.
नाणी तिने मोजली नाहीत, खिशात सोडली.
बाराच्या फेरीची माणसं येऊन थांबलेली,
माना अजून खाली.