डावी बाही

उजवी बाही दहा दिवसांत झाली.
साखळी, मुका खांब, मग खांब,
दर सहाव्या ओळीला दोन टाके जास्त.
उजव्या हाताचं काय,
तो कुठल्याही बाहीत जातो.

डाव्याचं मात्र ऐकावं लागतं.
कोपराच्या आत, कातडीखाली,
धमनी शिरेला जोडलीय तिथे
दिवसरात्र काहीतरी घरघरतं.
दिगंबर म्हणतात, मोटर चालू आहे, बेअरिंग गेलंय.
मी रात्री तिथे बोट ठेवते,
चालू आहे एवढं कळलं की झोपते.

सोम, बुध, शुक्र.
कोथरूडहून पहाटेची रिक्षा, पाच नंबरची खुर्ची.
रक्त चार तास बाहेर फिरतं, येताना गार होऊन येतं.
डोक्यावर एसी. मशीनला लागतो म्हणे.
माणसाला काय लागतं ते मशीनच्या पाटीवर लिहिलेलं नाही.
स्वेटरची बाही वर सरकवली की दंडाला आवळते,
आणि या हाताला आवळलेलं चालत नाही.
म्हणून एक हात स्वेटरात, एक उघडा,
वर चादर, तिला फिनाईलचा वास.

तेव्हा म्हटलं, कार्डिगन. पुढून उघडं,
आणि डावी बाही मनगटापासून खांद्यापर्यंत
नुसती बटणांची.

"राखाडी," ते म्हणाले. "फुलंबिलं नकोत."
एकतीस वर्षं ड्राफ्ट्समन, पिंपरीच्या कारखान्यात.
वजनाच्या तक्त्यामागे पेन्सिलीने बाही काढली,
समोरून, बाजूने, छेद अ-अ,
मापं मिलिमीटरमध्ये.
मी म्हटलं, लोकर मिलिमीटर पाळत नाही,
एकदा धुतली की स्वतःचं बघते.
"मग टॉलरन्स किती?"
दोन बोटं, मी म्हटलं.
त्यांनी तसंच लिहिलं, खाली सही केली.

तुळशीबागेत राखाडीच्या सात लड्या मागितल्या, सहा निघाल्या.
"लॉट संपला. दुसरा राखाडी निळसर मारतो.
नंतर भांडायला येऊ नका."
नाही गेले.
वॉर्डातच पिशवी उघडी ठेवून बसले.

चार नंबरच्या फरजाना शिकलगारांनी पोपटी दिली,
नातीच्या टोपीतून उरलेली, जेमतेम मुठीएवढी.
यशोधन टेक्निशियनच्या आईने गुलाबी पाठवली, इतकी भडक
की मी ती फक्त काखेत घातली.
आठ नंबरच्या काट्यांची मोरपिशी, त्यांच्या बायकोने
अर्ध्यात सोडलेल्या मफलरची. उसवून, धुऊन,
गुंडाळूनच आणली होती, वर रबरबँड.
काटे आता येत नाहीत.
मोरपिशीची मी कॉलरची कड केली,
आणि त्या दोन ओळी विणताना
मोजायचं राहून गेलं. एक टाका जास्त आहे तिथे.
उसवला नाही.

बटणं बोहरी आळीत घेतली, अकरा.
दिगंबर स्वतः आले, धाप लागत, दोनदा बसत.
दुकानदाराने राखाडी बटणांचं पाकीट पुढे केलं.
यांनी चष्मा वर केला, खाली केला,
आणि शेजारच्या बरणीत बोट घालून म्हणाले,
"ही. नारिंगी.
सुई टोचणाऱ्याला लांबून दिसायला हवीत."
कारण तांत्रिक होतं. मी हसले नाही.

आज पहिल्यांदा घातलं.
यशोधनने चौथं, पाचवं, सहावं बटण काढलं,
तेवढीच खिडकी उघडली,
बाकीचा हात आत, गरम.
दोन तासांनी पाहिलं तर चादर पायांशी पडलेली
आणि हे झोपलेले, तोंड उघडं,
पोट पुढे म्हणून खालचं बटण ताणलेलं.
दोन बोटं पुरली नाहीत.

आठ नंबरला नवा मुलगा आहे, तेवीसचा.
त्याने कानातलं काढलं.
"काकू, काळ्यात होईल का? टोपी लावून?"
होईल.
"आणि आतून," तो जरा हळू म्हणाला,
"आतल्या बाजूने पिवळी पट्टी? बाहेरून नको दिसायला."
मी पर्समधली टेप काढायच्या आधीच
पाच नंबरवरून, डोळे न उघडता, आवाज आला,
"दंडाचा घेर सांग. आणि कागद दे कुणीतरी."