शिवण

निपाणीत, तंबाखूच्या वखारीत,
दोन धोतरं जोडून पडदा केला होता.
शिवण कल्लव्वाची. विडीच्या दोऱ्यानं घातलेली,
आणि वाकडी.

पुढं बायका, हजार विड्या वळून आलेल्या.
आम्ही पोरं पडद्याच्या मागं, पोत्यांवर.
दस्तगीरनं हँडल फिरवलं,
यंत्र फुटाणे भाजल्यासारखं तडतडलं
आणि धोतरावर विलायत आली:
ओली गल्ली, उंच टोपीचा हवालदार,
खांद्यावर शिडी घेतलेला एक लुकडा रंगारी.

रंगारी वळला.
हवालदार वाकला. वाचला.
उठून मिशीला पीळ देतोय तोवर
कुणीतरी हाक मारली असावी,
रंगारी परत वळला.

शिडीचं दुसरं टोक येताना
अख्ख्या वखारीला दिसूलालतं,
त्याला तेवढं नाही.
"खाली बस की रे मुडद्या!" शेवंताकाकी.
"बग्गो! बग्गो!" कल्लव्वा.
त्यानं कुणाचंच ऐकलं नाही.

मग चुन्याची बादली. मग पाववाला.
मग एक जाडी बाई, तिची छत्री, तिचं कुत्रं.
शिवणीवरून जाताना
प्रत्येकाची कंबर क्षणभर मोडायची
आणि पलीकडं जुळायची.
हसून हसून धूळ उडाली,
बायका शिंकायला लागल्या,
शिंकता शिंकता आणखी हसल्या.

मधेच अक्षरं आली.
हुद्दार मास्तर चष्मा पुसेस्तोवर गेली.
आमच्या बाजूनं ती उलटी होती,
त्यामुळं आमचं काही चुकलं नाही.

शेवटी हवालदार शिडीच्या दोन पायऱ्यांत
मान अडकवून पळत सुटला
आणि तिथंच फिल्म तुटली.

घरी जाताना आई म्हणाली, डावीकडं पळाला.
मी म्हटलं, उजवीकडं. शपथ घेतली.
पाठीत धपाटा बसला, तरी उजवीकडंच.
पन्नास वर्षं झाली.
जेवताना मधेच भाकरी थांबवून ती म्हणते,
डावीकडं गं.

परवा गुरुवारच्या बाजारात
आई काठी टेकत, मी तिच्या डाव्या हाताला.
पुढं एकजण शिडी घेऊन चाललेला.
कुणीतरी हाक मारली. तो वळला.

आई वाकली डावीकडं,
मी उजवीकडं.
खण्णकन डोकी आपटली आमची.
शिडी केव्हाच वरून निघून गेली होती.

समोर संकेश्वरी मिरचीच्या ढिगामागं
एक म्हातारा तोंडावर पंचा धरून
खांदे हलवत होता,
आवाज अजिबात नाही.