नग क्रमांक एकशे सदतीस

गावाचं नाव सूर.
माझ्या भाषेत सूर म्हणजे काय
ते मी इथं कुणाला सांगितलेलं नाही.
माझं काम हवेतलं पाणी मोजायचं.

अयजाच्या दीपस्तंभामागे, खजुराच्या जुन्या वखारीत
एक दालन आहे. दाराला दोन कुलपं,
आत दोन वह्या: हिरवी विधीची, पांढरी संशोधनाची.
रविवार ते बुधवार वस्तू डॉक्टर बद्रियांच्या टेबलावर असतात,
गुरुवारी सूर्य बुडाला की उम्म सुवैदच्या मांडीवर.

पंचावन्न टक्के. आर्द्रता त्याच्या वर गेली
की बकऱ्याच्या खुरांचा कंबरपट्टा
आपोआप खुळखुळतो, असं पहारेकरी खमीस म्हणतो.
मी म्हणतो, चामडं फुगतं.
तो म्हणतो, तेच.

भीती उतरवायची पितळी वाटी आहे.
दचकलेला माणूस तिच्यातलं पाणी पितो
आणि रविवारी वाटी तीन ग्रॅम जड भरते.
बद्रियाबाईंनी अकरा वेळा लिहून ठेवलंय,
पुढे प्रश्नचिन्ह, शिसपेन्सिलीनं.
वारा बांधलेला दोर आहे. तीन गाठी होत्या, दोन उरल्यात.
तिसरी कुणी सोडली, कुठल्या गलबतासाठी,
ते दोन्ही वह्यांत नाही.

मी देवगडचा पेडणेकर. इथं 'प' नाही, म्हणून बेदनेकर.
देवाच्या अंगावर कळे लावून
कुठला आधी पडतो बघत बसणारी माणसं आम्ही,
हसणार कुणाला?

तरी फेब्रुवारीत कपाट सरकवताना हसलो.
एकशे सदतीस. पितळी मोर, चोचीत पातं,
मानेवरची नक्षी अंगठ्याखाली झिजलेली.
चिठ्ठी: 'जिभेची गाठ कापण्याचे हत्यार.
मूळ अज्ञात. बहुधा समुद्रमार्गे.'
अहो, अडकित्ता!
कणकवलीच्या बाजारात मामाच्या गादीवर असलाच होता.
कट् कट् करत मामा समोरच्याचा भाव ऐकायचा,
शेवटचं खांड पडलं की नाही म्हणायचा.

रविवारी सांगायचं ठरवलं.

पण त्या गुरुवारी राशिद आला, सात वर्षांचा,
बाप गलबतांच्या कारखान्यातला सुतार.
पोरगा शब्दाच्या उंबऱ्यावरच ठेचकाळायचा,
स्वतःचं नावही 'र'पाशी थांबायचं,
दोरी ओढली तरी न पेटणाऱ्या इंजिनासारखं.
उम्म सुवैदनं निखाऱ्यावर लोबान टाकला,
मोर उघडला,
त्याच्या कानापाशी हवा कातरली. कट्.
पुन्हा. कट्.
मी मापकाकडे बघत होतो, खोटं कशाला बोलू.
काटा एकोणसाठवर,
आणि लोबानाच्या धुरात ओल्या सुपारीचा वास.
पोरगा म्हणाला, पाणी.
सरळ, एका दमात.
नाव सांगताना परत अडकला, पण थोडाच.

रविवारी मी बद्रियाबाईंना सांगितलं.
अडकित्ता. त्यांनी तीनदा म्हणून बघितलं.
अडकणं म्हणजे काय तेही सांगितलं,
आणि हा त्याच शब्दाचा भाऊ की नुसता शेजारी
हे मला ठाऊक नाही, तेही.
वाटलं, आता याची बदली होणार
मस्कतला, चमचे-पळ्यांच्या काचेत.
त्यांनी 'मूळ अज्ञात' खोडलं.
देवगड लिहू का, विचारलं.
म्हटलं नको, समुद्रमार्गेच राहू दे.
मग उजवीकडून डावीकडे एक ओळ लिहून
मला वाचून दाखवली:
सुपारी कातरतो.
आणखीही.

संध्याकाळी, कुणी सांगितलं नव्हतं तरी,
मी त्याला तराजूवर ठेवला.
तीनशे चार ग्रॅम.
जड झाला की हलका, खमीसनं दारातून विचारलं.
मी दोन्ही वह्या चाळल्या.
आधीचं वजन कुणी घेतलंच नव्हतं.