खर्डा

संपादकांचा फोन आला: प्रेमकथा हवी,
दोन देशांतली, अडीच हजार शब्द, शेवट गोड.
राजारामपुरीच्या नवव्या गल्लीत
दळणाचा डबा बाजूला सारून मी बसले.

तो एस्टोनियाचा. कारेल.
चपला शिकायला आलेला, सुभाषनगरात,
सातपुत्यांच्या हाताखाली.
ती वैजू, सातपुत्यांची थोरली,
कातड्याची वेणी न बघता घालणारी,
हिशेबाला पक्की.

पहिल्या खर्ड्यात त्यानं विचारलं,
'शनिवारी कॉफी घ्यायची का?'
त्याच्याकडं एवढंच विचारतात.
त्याचा अर्थ कॉफीएवढाच असतो,
किंवा नसतो; ते तिसऱ्या शनिवारी कळतं.
वैजू म्हणाली, 'विचारून सांगते.'
कुणाला विचारून, हे त्याला कळेना.
मला पुढं लिहिता येईना.
मला कुणी कॉफी विचारली नव्हती.
बावीस मिनिटं, बशीभर चिवडा
आणि 'शिवण येतं का?'
एवढ्या भांडवलावर एकतीस वर्षं चालली.
वाईट नव्हती. पण गोष्टीत कुठं घालू?

फाडलं.
मग दोघांना रात्री गंगावेशीत नेलं, दूधकट्ट्यावर.
म्हशीखालचं दूध, दोन पेले, वर फेस.
कारेलनं आपल्या पेल्यापुरते पैसे काढले,
मोजून, नीटस.
त्याच्याकडं हा मान असतो.
गवळ्यानं त्याच्याकडं पाहिलं, मग वैजूकडं:
'भांडलासा व्हय?'
वैजू हसली.
मी लिहिलं नव्हतं, तरी हसली.

एका पुस्तकात वाचलं, त्यांच्या भाषेत
तो आणि ती यांना एकच शब्द,
आणि क्रियापदाला भविष्यकाळच नाही.
उद्या भेटतो. पुढल्या वर्षी भेटतो. भेटतो.
इकडं रंकाळ्यावर दोनदा दिसलात
की कणीसवालीसुद्धा विचारते, 'मग पुढं काय?'
सातपुते तर कागदावरचं पाऊल दाखवून म्हणाले,
'माप घेतलंस पोरा.
जोड करणार, का नुसतंच कागदावर?'

तिसऱ्या खर्ड्यात त्याला भाकरी वाढली,
वर हिरवा खर्डा.
त्याच्या डोळ्यांतून धार.
वैजूची आई दारातूनच मागं फिरली,
आत जाऊन म्हणाली, 'पोरगं हळवं हाय.'
मी खोडलं नाही.

व्हिसा संपला.
निघताना तो पाठ केलेल्या मराठीत
म्हणाला, 'मी जातो.'
व्याकरणात काही चूक नव्हती.
वैजूच्या हातातली आरी थांबली.
'असं म्हणत नाहीत.'
'मग?'
'येतो म्हण.'
तो घोटाळला. तो तर जात होता.
नसलेलं बोलायची त्याच्या घरी रीत नाही,
माया असली तरी.

दोन वाजलेत.
शब्द झाले दोन हजार चारशे नव्वद.
आमचे हे त्या मंगळवारी डबा घेऊन
रोजच्यासारखं 'येतो' म्हणूनच गेले होते.
ते मी वैजूला सांगितलेलं नाही.
दहा शब्द उरलेत.
कारेल उंबऱ्यात उभा आहे, एका पायात चप्पल,
ओठ अर्धवट उघडे.
मी त्याला घाई करत नाही.