दोन मिनिटं चौदा सेकंद

दिग्दर्शकाने पाठवलेल्या तुकड्यात
एक बाई मेलेल्या नवऱ्याच्या शर्टाची घडी घालते.
आधी बाह्या आत, मग कॉलर,
मग घडी पुन्हा उलगडते, कारण खिशात काहीतरी आहे.
बसचं तिकीट. चालू चित्रात ते दिसत नाही,
मी थांबवून थांबवून पाहिलं.
खाली त्याने लिहिलंय : इथे व्हायोलिन.
रडवायचं, पण जास्त नाही.

घणसोली गावात, चौथ्या मजल्यावर,
सरकारी कागदात जिला 'गरजेपोटी' म्हणतात त्या इमारतीत
मी भिंतींना गोणपाट ठोकलंय,
वाशीच्या मार्केटातून आणलेलं.
दोन वर्षं झाली, लसणाचा वास जात नाही.

व्हायोलिन मला येत नाही.
मला सॉटूथ येतो, स्क्वेअर येतो,
फिल्टरची मान हळूहळू पिळत न्यायला येते,
पहाटे तीनला दोनशे अनोळखी पोटऱ्या
एका ठोक्यावर आणायला येतं.
चुलतभाऊ दर्पण हळदीला डीजे लावतो,
त्याच्याच बेसच्या पेट्यांवर शिकले.
तो म्हणतो, तुझ्या गाण्यात नवरी कधी येतच नाही.

सात चाली केल्या.
पहिलीत बाईपेक्षा मीच जास्त रडत होते.
पाचवी छान होती,
म्हणून फेकली.

बाबांनी रबाळ्याच्या शेडमध्ये
चाळीस वर्षं जळक्या मोटारी भरल्या.
स्क्रूड्रायव्हरचं टोक मोटारीच्या अंगाला,
मूठ कानामागच्या हाडाला,
डोळे मिटून ऐकायचे,
भिंतीपलीकडचं भांडण ऐकावं तसं.
"बेरिंग गेलीय हिची."
आता वरचे सूर त्यांच्यापाशी उरले नाहीत :
कुकरची शिट्टी, दारावरची बेल, बराचसा माझा आवाज.
खालचे शाबूत आहेत.

त्या बाईच्या मागे एक फ्रीज आहे.
साउंडवाल्याने त्याची घरघर पुसून टाकली होती.
मी ती परत आणली, आमच्याच फ्रीजची,
मागच्या जाळीला माइक टेकवून.
पांढरी एकमध्ये सा धरला
तर आपली वीज पंचमात घुमते, श्रुतीभर चढी.
तिच्या खाली एक ऑसिलेटर ठेवला, किंचित न जुळणारा,
दोघांमधली तूट सावकाश श्वास घेते.
पहिल्या घडीपासून एवढंच,
आपण ऐकतोय हेही कळू नये इतकं.
आणि तिकीट तिच्या बोटांना लागतं
तिथे फ्रीज बंद पडतो.

दुपारी बाबांना खुर्चीत बसवलं.
त्यांनी बेसच्या पेटीवर हात ठेवला,
अनोळखी मशीनला लावतात तसा, उलटा,
झटका बसला तर बोटं आवळून चिकटू नयेत म्हणून.
एक मिनिट चाळीस सेकंद.
हात तिथेच.
मान वळली, स्वयंपाकघराकडे नाही,
पडद्याकडे.
"कोनी बंद केला गो?"

उरलेले चौतीस सेकंद
आम्ही तिघं तसेच बसलो होतो,
तिच्या हातात तिकीट.

संध्याकाळी फाइल पाठवली.
नाव दिलंय : व्हायोलिन, आठवं.