माडीवरची माणसं

आष्ट्याच्या वेशीबाहेर, गुऱ्हाळाच्या अंगाला,
मिस टॉलिव्हरनं दोन बाभळींमध्ये पांढरं धोतर ताणलं.
चित्रांच्या कंदिलात घासलेट ओतायला
दौलत वायदंडे, माझा पणजा, वय अकरा.
हे मी ऐकलं त्याच्याच तोंडून, तो नव्वदीत असताना,
तेव्हा थोडं इकडचं तिकडं झालेलं असणार.

पहिली काच: जहाज.
दुसरी: बर्फ. बायका म्हणाल्या, मिठागर.
तिसरी: तिच्या बापाचं देऊळ, जॉर्जिया का कुठलंसं,
आत बाकांच्या ओळी, टोप्या मांडीवर.
"इथे सर्व भाऊ," मिस म्हणाली,
"वेगळी विहीर नाही, वेगळा पेला."
तिच्या मराठीत कर्ता सापडायचा,
क्रियापद वाटेत पडायचं.
पाटलाचा गडी धोतराच्या मागं उभा होता.
त्याला सगळं उलटं दिसलं.

दौलतनं विचारलं,
"मिसबाय, ही वर माडीवर कोण बसल्यात?
काळी माणसं? खाली जागा न्हवती व्हय?"
खाली तर अर्धे बाक मोकळे.

कंदील भणभणत राहिला. काच तापल्याचा वास आला.
गुऱ्हाळावर कुणीतरी बैलाला शिवी दिली.
मग ती म्हणाली,
"त्यांचा जिनाही वेगळा आहे."
कर्ता, क्रियापद, सगळं जागच्या जागी.

"तरी तू बाप्तिस्मा घेतलास?" मी विचारलं.
पणजा दात नसलेलं हसला.
"ती लिवायला शिकवीत हुती.
आन् इचारल्यावर खोटं न्हाई बोलली."

पुढं तो मिशनच्या शाळेत गवंडी झाला.
आमचं देऊळ बांधायला निघालं, नकाशा साहेबाकडून आला,
त्यात गाणाऱ्यांसाठी माडी.
त्यानं माडी बांधली. कमान अशी घेतली
की अजून एक चीर नाही.
जिना बांधला नाही.
साहेबानं तीनदा विचारलं.
तिन्ही वेळा चुना संपला होता.

अजून तशीच आहे. पारवे राहतात.
नाताळात पोरं शिडी लावून चांदणी टांगतात
आणि शिडी काढून घेतात.

खाली मात्र
आमची घरं डाव्या बाकांवर बसतात,
महारवाड्यातून आलेली उजव्या.
कुणी सांगितलेलं नाही.
मधून एक रस्ता जातो, चटईचा, दोन हात रुंद.
पणजा साठ वर्षं त्याच्या कडेला बसला.
हे त्याला विचारायचं
माझ्याकडून राहून गेलं.