चांदमारी

भुसावळच्या पलीकडे, जिथं आता प्लॉट पाडलेत
आणि चुन्याच्या रेघांवर बकऱ्या बसतात,
तिथल्या मातीच्या उंचवट्याला अजून चांदमारी म्हणतात.
चंद्र कोणी मारला नाही तिथं.
कागदाला मारायचे. दर रविवारी,
चर्च सुटल्यावर.

रेल्वेचे व्हॉलंटियर: ड्रायव्हर, गार्ड, फोरमन,
सोडावॉटरच्या कारखान्याचा एक लठ्ठ मालक.
सहा दिवस कोळसा, सातव्या दिवशी पलटण.
बंदुका पुसायला आमची माणसं.
बंदुकीपुढं बसायलाही आमचीच.

गुलशेर तडवी, माझ्या आजोबांचा बाप,
निशाणाखालच्या खड्ड्यात बसायचा.
त्याचा आजा धरणगावच्या भिल्ल पलटणीत होता,
त्या आज्याचा बाप सातपुड्यात, तीरकामठा घेऊन.
एवढ्या पिढ्यांत आम्ही
तीराच्या मागून गोळीच्या समोर आलो.

गोळी डोक्यावरून जायची, मांजरपाट फाडल्यासारखी.
मग तो निशाण खाली ओढायचा, भोक शोधायचा,
खळ लावायचा (गव्हाची, मोरचूद घातलेली,
नाहीतर मुंग्या कागद खायच्या),
काळ्यावर काळा तुकडा, पांढऱ्यावर पांढरा,
आणि काठीवरची तबकडी वर करायचा.
पांढरी तबकडी म्हणजे मधोमध, पाच गुण.
काहीच लागलं नाही तर लाल झेंडा.
दोनशे वारांवरून भोक कोणाला दिसत नाही.
तबकडी दिसते.

मी शाळेत पेपर तपासते. लाल पेन उचलताना
कधीकधी हात जरा थांबतो.

एका मे महिन्यात विलायतेहून पलटण आली,
पुलाच्या कामानं दोन दिवस यार्डात अडकली.
तिकडे म्हणे परगण्याची माणसं परगण्याच्याच पलटणीत,
एका गल्लीतली चार चार.
हिचं नाव अमुकशायर. अमुक कोणालाच आठवत नाही,
शायर तेवढं गुलशेरनं नीट ऐकलं.

वेळ घालवायला सामना लावला.
शायरवाले चार गुणांनी पुढं,
आणि शेवटची गोळी बोवर ड्रायव्हरची.
बोवरचे हात कापायचे.
त्याच हातांनी त्यानं एका रात्री निंभोऱ्याजवळ मालगाडी थांबवून
इंजिनातलं कढत पाणी दिलं होतं, बादलीभर.
गँगच्या झोपडीत माझे आजोबा जन्मत होते.

गोळी आली. मातीत गेली कुठंतरी.
कागद कोरा.
गुलशेरनं कानावरची पेन्सिल काढली,
मधोमध खुपसली,
पांढरी तबकडी वर केली.

तिकडे टोप्या उडाल्या. बॅगपायपर नव्हता,
म्हणून कोणीतरी गार्डाची शिट्टी वाजवली.

पण शायरवाल्यांतला एक पोरगा,
नाक उन्हानं सोललेलं, मिशी अजून फुटायची होती,
खात्री करायला चालत आला खड्ड्यापर्यंत.
भोक बघितलं. बोट लावून बघितलं.
बोटाला शिसं लागलं, पेन्सिलीचं.
गुलशेर म्हणायचा, त्या वेळी मला तापीचं पाणी ऐकू येत होतं,
आणि तापी तिथून कोसभर लांब.

पोरग्यानं त्याच्याकडे पाहिलं.
मग खळीत बोट बुडवलं,
काळा तुकडा घेतला,
आणि ते भोक स्वतःच बुजवलं.
निघताना बोट चड्डीला पुसलं.

पलटण दुसऱ्या दिवशी गेली. पुढं बसऱ्याला, म्हणतात.
बोवरनं त्यानंतर बंदूक धरली नाही, डोळे गेले म्हणाला.
चषक कोणाकडे आहे ठाऊक नाही.

कोणी म्हातारपणी विचारलं, कोणती रे ती गोरी पलटण,
तर गुलशेर सरळ सांगायचा,
‘शायरनी पलटन व्हती.’
लोक हसायचे, समजावायचे,
शायर म्हणजे तिकडचा जिल्हा, म्हाताऱ्या.
तो ऐकून घ्यायचा,
मान हलवायचा,
आणि बोटावर बोट घासत राहायचा.